रताळं, मका आणि एकादशी

आषाढीच्या आदल्या दिवशी दादरच्या बाजारात रताळ्यांचे ढीग लागतात, जवळच मक्याची कणसं. दोन्ही मूळची अमेरिकेतली. मग उपवासाला रताळं चालतं आणि मका का नाही? कारण आपला नियम मूळ गाव विचारत नाही, जात विचारतो. पदार्थाची, बरं का! रताळं कंद, मका धान्य. तेव्हा रताळ्याचा कॉर्नब्रेड द्वादशीला करा.

ओव्हनमध्ये मात्र ही वर्गवारी टिकत नाही. मक्यात ग्लुटेन नाही, म्हणून भाकरीची कड फुटते. तुम्ही पीठ कढत पाण्यात मळता, कारण शिजलेला स्टार्च चिकटतो. उकडलेलं रताळं तेच काम करतं, शिवाय ओलावा धरतं.

एक वाटी मक्याचं पिवळं पीठ घ्या. कॉर्नफ्लोअर नव्हे हं, तो नुसता पांढरा स्टार्च. एक वाटी कुस्करलेलं रताळं, अर्धी वाटी आंबट ताक, दोन अंडी, दोन चमचे लोणी, मीठ. सोडा शेवटी, अर्धा लहान चमचा. ताक लागताच वायू सुटतो आणि तो कोंडायला इथे गव्हाची कणीक नाही. तेव्हा गप्पा न मारता भांडं 180 अंशांवर तापलेल्या ओव्हनमध्ये. अर्ध्या तासाने सुरी खुपसून पाहा. कापायचं मात्र गार झाल्यावर, नाहीतर चुरा होतो.