बाळंत होणारा बाप
दोन हजार वर्षांपूर्वी तेरचे, म्हणजे तेव्हाच्या तगरचे, कापड भडोचमार्गे समुद्रापार जाई. समुद्राच्या पोटातले जग मात्र तेरकरांना आजही पडद्यावरच दिसते. ते पडद्यावर आणणाऱ्या पहिल्या काही माणसांपैकी एक फ्रान्सचे जाँ पँलव्हे (१९०२-१९८९). वैद्यकीय शिक्षण सोडून ते प्राणिशास्त्राकडे वळले. जलरोधक पेटीत कॅमेरा ठेवून त्यांनी १९३४ च्या सुमारास समुद्रघोड्यावर लघुपट केला. मादी नराच्या पोटावरच्या पिशवीत अंडी घालते. वाढत्या पिल्लांना प्राणवायू तिथेच मिळतो आणि शेवटी कळा देऊन बाळंत होतो तो नर! प्राणिशास्त्रज्ञांना ठाऊक असलेली ही गोष्ट सामान्य प्रेक्षकांनी डोळ्यांनी पाहिली.

हाच मासा वाळवून ‘ताकदीचे औषध’ म्हणून विकतात. ताकद वाढल्याचा भरवशाचा पुरावा नाही. भारतात २००१ पासून त्याला कायद्याचे संरक्षण आहे. तरी कोळंबीच्या जाळ्यात तो अडकतोच.