व्यापार खुला झाला. मुलं शाळेत गेली का?

आता नेहमीच्या प्रश्नाकडे येऊ. व्यापार खुला झाला की बालमजुरी वाढते की घटते? मालाला भाव आला की जास्त हात लागतात, मग पोरांनाही कामाला जुंपतील, असं आपल्याला वाटतं.

व्हिएतनाममध्ये उलटं घडलं. तिथे तांदळाच्या निर्यातीवर कोटा होता. नव्वदच्या दशकात तो सैल होत गेला. १९९३ ते १९९८ मध्ये तांदळाचा भाव, महागाई वजा करूनही, सुमारे ३० टक्के वाढला. एरिक एडमंड्स आणि नीना पावच्निक या अर्थतज्ज्ञांनी घरोघरच्या पाहणीचे आकडे तपासले. भाववाढीबरोबर मुलांचं काम कमी झालेलं दिसलं. खेड्यातली बहुतेक घरं भात पिकवणारी. हातात चार पैसे आले, तसं आईबापांनी मुलांना कामातून मोकळं केलं.

मग भारताचं काय? आपल्याकडे १९९१ नंतर आयातशुल्क झपाट्यानं उतरलं. सरासरी ८० टक्क्यांवरून १९९६ पर्यंत ३७ टक्क्यांच्या आसपास. याच दोघांनी पेटिया टोपालोव्हांसह ग्रामीण जिल्हे तपासले. देशभर शाळेतली मुलं वाढत होती, बालमजुरी घटत होती. पण ज्या जिल्ह्यांतल्या धंद्यांचं संरक्षण जास्त गेलं, तिथे ही सुधारणा मंद राहिली. कमाईला फटका बसला, की घर आधी शाळेचा खर्च वाचवतं. फी नसली तरी वह्या-पुस्तकं, कपडे लागतातच ना!

म्हणजे बघा, व्यापार खुला की बंद एवढंच विचारून भागत नाही. त्या बदलानं गरीब घरात पैसा आला की गेला, आणि शाळा त्या घराला परवडते का, हे विचारायला हवं.