एका आवाजात साऱ्या भूमिका

रशियन प्रेक्षकाला परदेशी चित्रपटाची गोडी लागली ती कानातून. १९८०च्या दशकाच्या अखेरीस सोव्हिएत शहरांत तळघरांतून, क्लबांतून 'व्हिडिओ सलून' निघाले. तिथल्या चोरट्या कॅसेटींवर नायक, नायिका, खलनायक, पोरंसोरं, सगळ्यांचे संवाद एकच पुरुष बोलायचा. खाली मूळ आवाज दबका चालू, आणि क्षणभर मागून त्यावर रशियन वाक्य. रडणं-चिडणं मूळ नटाचं, अर्थ तेवढा अनुवादकाचा. लेओनिद व्होलोदार्स्की, आंद्रेई गाव्रिलोव्ह, अलेक्सेई मिखाल्योव्ह हे असे अनुवादक. व्होलोदार्स्कीचा नाकातला आवाज त्या पिढीला आजही चटकन ओळखू येतो.

२००६ साली पाव्हेल दुरोवचं 'व्हीकॉन्ताक्ते' आणि त्याच वर्षी 'अद्नाक्लास्निकी' ही समाजमाध्यमं सुरू झाली, तेव्हा ही सवय तयारच होती. कुणीही अख्खा चित्रपट चढवावा, गटाच्या भिंतीवर चार ओळींच्या परिचयासह लावावा, अशी तिथली सोय. त्याआधी, २००४पासून, टोरेंटवर चित्रपट वाटणारं पुढे 'रूट्रॅकर' नावाने गाजलेलं संकेतस्थळ होतंच. कुणी जुनी कॅसेट शोधून काढतो, कुणी वर्गणी जमवून परदेशातून डिस्क मागवतो, कुणी उपशीर्षकं जुळवतो, कुणी रात्री माइकसमोर बसून ती वाचतो. माझ्या मते खरं काम या शेवटच्या दोघांचं. नुसता साठा करून दुर्मीळ चित्रपटाला प्रेक्षक मिळत नाही. कुणीतरी तो आपल्या भाषेत आणावा लागतो.

या देवाणघेवाणीचा लाभ रशियाच्या घरच्या चित्रपटांनाही झाला. लेनिनग्राडचा येव्हगेनी यूफित आणि मॉस्कोचे ग्लेब आणि इगर अलेइनिकोव्ह हे भाऊ सरकारी स्टुडिओंना बगल देऊन स्वतःच्या बळावर लघुपट काढत. अलेइनिकोव्ह बंधूंनी १९८५मध्ये 'सिने फँटम' हे हस्तलिखितासारखं हातोहात फिरणारं नियतकालिकही काढलं. ज्यांनी तो काळ पाहिलाच नाही, अशी मुलं आज हे लघुपट जालावर बघतात.

कायद्याचं पारडं मात्र उलट्या बाजूला आहे. ऑगस्ट २०१३पासून रशियात चित्रपटचोरीविरोधी कायदा लागू झाला. जानेवारी २०१६मध्ये मॉस्कोच्या न्यायालयाच्या आदेशाने रशियातून रूट्रॅकरकडे जाण्याची वाट कायमची अडवण्यात आली. अर्थात, तक्रार करायला मालक लागतो. मोठ्या कंपन्यांचे वकील असतात, म्हणून त्यांचे चित्रपट पटापट उतरवले जातात. ज्या चित्रपटाचा निर्माता बुडाला, हक्क कुणाकडे गेले हेच कुणाला ठाऊक नाही, तो समाजमाध्यमांवर वर्षानुवर्षं टिकतो. म्हणजे तो टिकतो तो उपेक्षेमुळे, आणि याचं मला मनापासून वाईट वाटतं. हयात असलेल्या दिग्दर्शकाच्या हाती यातून एक रूबलही पडत नाही. आणि चढवणाऱ्याचं खातं बंद झालं की चित्रपटही गेला.

आपल्यासाठी यात एक जवळचा धागा आहे. १५व्या शतकात अफनासी निकितिन हा त्वेरचा व्यापारी समुद्रमार्गे आपल्या चौलच्या किनाऱ्याला लागला. त्याच्यावर ख्वाजा अहमद अब्बास आणि वसिली प्रोनिन यांनी १९५७ साली भारत-सोव्हिएत सहनिर्मितीत 'परदेसी' काढला. नायक ओलेग स्त्रिझेनोव्ह, नायिका नर्गिस. त्याच्या हिंदी आणि रशियन अशा दोन आवृत्त्या झाल्या. रशियन जाळ्यांवर तो 'परदेसी' म्हणून शोधू नये. 'तीन समुद्रांपलीकडची यात्रा' या अर्थाचं रशियन शीर्षक त्यांच्या लिपीत घालावं लागतं, जसं 'आवारा' 'ब्रोद्यागा' या नावाने शोधावा लागतो. रेवदंड्या-चौलकडच्या कुणा रसिकाने दोन्ही आवृत्त्या मिळवून शेजारी-शेजारी ठेवून पाहाव्यात, आणि रशियन आवृत्तीला मराठी उपशीर्षकं लावावीत. ते काम अजून कुणाची तरी वाट बघत आहे.