कारागृहातील बालके आणि कल्पित खेळ

पुण्यात येरवडा येथे स्त्रियांचे स्वतंत्र कारागृह आहे. भारतातील अन्य कारागृहांप्रमाणे येथेही, बाहेर सांभाळणारे कोणी नसल्यास, सहा वर्षे पूर्ण होईपर्यंत मूल बंदिवान मातेजवळ राहू शकते. कल्पित खेळ बहरतो तो याच वयात. तेव्हा अशा बालकाच्या खेळाला सामग्री कोठून मिळते, हा प्रश्न मानसशास्त्राच्या अभ्यासकांनाही विचार करावयास लावणारा आहे.

कल्पित खेळाचे स्वरूप भातुकलीवरून चांगले कळते. पान पोळी होते, विटेचा चुरा तिखट होतो. पान हे पानच आहे, हे मुलीला पुरते ठाऊक असते. तरी ती त्यावर पोळीचा अर्थ आरोपिते. रशियन मानसशास्त्रज्ञ व्हायगॉट्स्की यांनी १९३३ मधील एका व्याख्यानात या क्रियेचे मर्म सांगितले. काठीचा घोडा करणारे मूल ‘घोडा’ हा अर्थ प्रत्यक्ष घोड्यापासून अलग करू लागते. काठी हा त्यासाठी घेतलेला टेकू होय. लेखनाची पूर्वतयारीही त्यांना अशाच खेळात दिसली, कारण अक्षर हेही दुसऱ्या कशाचे तरी चिन्हच असते. शिवाय या खेळाला नियम असतात. जी ‘आई’ झाली ती पाहुण्यांना वाढण्यापूर्वी स्वतः जेवू लागली, तर सोबतिणी तत्काळ हरकत घेतात. इच्छेला आवर घालण्याचे इतके खुशीचे शिक्षण क्वचितच दुसरे असेल.

परंतु काठीचा घोडा करावयास घोडा कोठे तरी पाहिलेला, निदान ऐकलेला असावा लागतो. खेळण्यांच्या दारिद्र्याने फारसे अडत नाही. ताराबाई मोडक यांनी १९४५ मध्ये बोर्डी येथे आरंभिलेल्या बालशिक्षणाच्या कार्यात परिसरातील साध्या वस्तूच साधने झाल्या. अनुभवाचे दारिद्र्य मात्र निराळे. ज्याने गिनती, कुलूप आणि किल्ल्यांचा जुडगाच पाहिला, ते मूलही खेळेलच. पण त्याच्या खेळातील भूमिका मोजक्या राहतील.

आर. डी. उपाध्याय यांच्या अर्जावर १३ एप्रिल २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने दिलेल्या निकालात अशा मुलांविषयी काही बोलक्या नोंदी आहेत. घर ही कल्पना त्यांना ठाऊक नसते; रस्त्यावरील जनावरे पाहून ती भितात; केवळ स्त्रियांत वाढल्यामुळे काही मुलगे स्त्रीलिंगी बोलतात. ‘मी जातो’ आणि ‘मी जाते’ हा भेद अंगवळणी पडलेल्या मराठी वाचकाला ही शेवटची नोंद विशेष जाणवेल. त्या मुलाचे व्याकरण, त्याने ऐकलेल्या भाषेपुरते, बिनचूकच असते. खेळात ‘बाबा’ होण्यासाठी लागणारी वाक्ये तेवढी त्याच्या कानी पडलेली नसतात.

याच निकालाने तीन वर्षांखालील मुलांसाठी पाळणाघर व तीन ते सहा वर्षांच्या मुलांसाठी बालवाडी चालविण्याचे निर्देश दिले, आणि ती शक्यतो कारागृहाच्या आवाराबाहेर असावीत असे म्हटले. खेळाच्या दृष्टीने ‘बाहेर’ हा शब्द सर्वांत मोलाचा. दिवसातून काही तास भिंतीपलीकडे जाणारे मूल संध्याकाळी परतते तेव्हा भाजीवाली, कुत्र्याचे पिलू आणि एस्‌टीचा कंडक्टर त्याच्याबरोबर आत येतात. आणि तिकिटे फाडावयास एखादे वाळके पानही त्याला पुरते.