हरूनही पुढे जाता आले असते!

१८ मे २०२४ची रात्र. बंगळूरुच्या चिन्नास्वामी स्टेडियमवर आयपीएलचा सामना ऐन रंगात आलेला. रॉयल चॅलेंजर्स बंगळूरुने २१८ धावा केल्या होत्या. चेन्नई सुपर किंग्जच्या १९ षटकांत १८४ झाल्या होत्या. म्हणजे जिंकायला हव्यात ३५. पण प्रेक्षक हिशेब करत होते तो १७ धावांचा! घरात टीव्हीपुढे बसलेल्या आजीबाई गोंधळल्या असतील, तर त्यात त्यांची काही चूक नव्हती.

झाले होते असे, की बंगळूरु जिंकले तर दोन्ही संघांचे गुण सारखेच, १४ होणार होते. मग बाद फेरीत कोण जाणार, हे ठरवणार होता नेट रनरेट. आपण जितक्या षटकांत जितक्या धावा केल्या त्याची सरासरी, वजा प्रतिस्पर्ध्यांनी आपल्याविरुद्ध केलेल्या धावांची सरासरी. बंगळूरुला १८ धावांनी जिंकणे भाग होते. चेन्नईने २०१ केल्या असत्या, तर हरूनही तेच पुढे गेले असते.

हिशेब सोपा वाटतो, पण भलेभले इथेच फसतात. समजा, एका सामन्यात २० षटकांत २०० धावा झाल्या आणि पावसामुळे आखडलेल्या दुसऱ्या सामन्यात ५ षटकांत ६०. धावगती झाली १० आणि १२, मग सरासरी ११? छे! २६० धावा, २५ षटके, म्हणजे १०.४. सरासरींची सरासरी काढायची नसते. आधी सगळ्या धावांची बेरीज, सगळ्या षटकांची बेरीज, भागाकार त्यानंतर. आणखी एक गंमत. फलकावर १९.४ षटके दिसतात ती दशांशातली नव्हेत. षटकाचे चेंडू सहा, म्हणून चार चेंडू म्हणजे ०.६६७. संघ सर्वबाद झाला, तर मात्र षटके पूर्ण २० धरतात.

राहिला प्रश्न दशांश स्थळांचा. समजा, धावगती आहे ९.६४ आणि ९.२५. फरक ०.३९, म्हणजे एका स्थळापर्यंत ०.४. पण घाई करून आधीच ९.६ आणि ९.३ केले, तर फरक उरतो ०.३. आकडा छाटायचा तो अगदी शेवटी, आणि तोही बेताने. कारण चौदा सामन्यांत मिळून जवळजवळ २८० षटके होतात. त्या रात्रीच्या एकेका धावेने दोन संघांतले अंतर फक्त ०.००७च्या आसपास हलत होते. बंगळूरु नेमक्या १८ धावांनी जिंकले असते, तर अंतर ०.००४च्याही आत राहिले असते. एकाच स्थळापर्यंत मोजले, तर दोघेही ०.४! भांडण मिटले नसते ते नसतेच.

यश दयालच्या पहिल्या चेंडूवर धोनीने षटकार ठोकला. आता पाच चेंडूंत ११. पुढच्याच चेंडूवर धोनी झेलबाद झाला आणि स्टेडियम दणाणले. शेवटचे दोन चेंडू जडेजाच्या बॅटला लागलेच नाहीत. चेन्नई १९१वर थांबले. दिल्ली आणि लखनौ यांचेही गुण १४च होते, पण त्यांचा रनरेट शून्याच्या खाली. गुणतक्त्यावर आकडे उमटले: बंगळूरु ०.४५९, चेन्नई ०.३९२.

पहिल्या आठ सामन्यांत एकच विजय मिळवलेला संघ ओळीने सहा सामने जिंकून बाद फेरीत पोचला. चार दिवसांनी अहमदाबादला राजस्थान रॉयल्सने त्याला चार गडी राखून हरवले. त्या दिवशी दशांश चिन्ह कुणालाच लागले नाही.