विद्यापीठाबाहेरील मानवशास्त्रज्ञ

मानवशास्त्र म्हटले की बहुतेकांच्या डोळ्यांपुढे दोन चित्रे उभी राहतात. एक दूरच्या अरण्यात वही-पेन्सिल घेऊन बसलेल्या प्रवाशाचे, आणि दुसरे वर्गातील फळ्यावर नातेसंबंधांच्या आकृत्या काढणाऱ्या प्राध्यापकाचे. परंतु या शास्त्राचे शिक्षण घेतलेला आणखी एक वर्ग आहे. सरकारी खाते, संग्रहालय, आरोग्य संस्था, सहकारी संघ किंवा धरण बांधणारे मंडळ यांच्या सेवेत राहून तो आपल्या विद्येचा उपयोग करतो. त्यास उपयोजित मानवशास्त्रज्ञ असे म्हणतात.

या व्यवसायात एक अडचण पहिल्या दिवसापासून असते. वैद्याकडे येणारा रोगी आपले दुखणे स्वतः सांगतो. मानवशास्त्रज्ञाच्या बाबतीत मात्र दुखणे एकाचे आणि सांगणारा दुसराच, अशी स्थिती असते. वेतन देणारी संस्था प्रश्न विचारते. उत्तर ज्यांच्या जीवनात शोधावयाचे, त्या लोकांना तो प्रश्न मुळात कोणी दाखविलेलाही नसतो. आपला धनी कोणता प्रश्न विचारीत आहे आणि तो प्रश्न योग्य आहे काय, हे ओळखणे हेच या व्यवसायातील मुख्य कौशल्य होय. चेन्नई शहरात, म्हणजे पूर्वीच्या मद्रासमध्ये, या व्यवसायाचा इतिहास सव्वाशे वर्षांहून अधिक जुना असल्यामुळे ही गोष्ट तेथे फार स्पष्टपणे पाहावयास मिळते.

एग्मोर भागातील सरकारी संग्रहालय १८५१ साली स्थापन झाले. १८८५ साली एडगर थर्स्टन हे त्याचे अधीक्षक झाले. शिक्षणाने ते वैद्यक शाखेचे. माणसाच्या कवटीची लांबी-रुंदी, नाकाची ठेवण, उंची इत्यादींची मोजमापे घेऊन जातीजमातींचे वर्गीकरण करता येईल, अशी त्या काळी अनेक विद्वानांची समजूत होती. थर्स्टन यांनी संग्रहालयातच मोजमापांची प्रयोगशाळा उघडली आणि मोजण्याची उपकरणे घेऊन ते मद्रास इलाख्यातील गावोगाव व डोंगरोडोंगर हिंडले. के. रंगाचारी यांच्या साहाय्याने लिहिलेला दक्षिण हिंदुस्थानातील जातीजमातींवरील त्यांचा सात खंडांचा ग्रंथ १९०९ साली प्रसिद्ध झाला. चालीरीती, विवाहविधी, अवजारे, दंतकथा यांची त्यात केलेली नोंद आजही अभ्यासकांच्या उपयोगी पडते. मोजमापांवर उभारलेले वर्गीकरण मात्र शास्त्राने केव्हाच टाकून दिले आहे.

या खटाटोपाकडे लोक कोणत्या दृष्टीने पाहत होते? थर्स्टन यांनी स्वतःच एक प्रसंग नमूद करून ठेवला आहे. वायनाडच्या डोंगरात ते पोहोचले तेव्हा पणियन जमातीच्या स्त्रिया पळून गेल्या. आपल्यातील चांगल्या चांगल्या स्त्रिया निवडून, पेंढा भरून त्यांना मद्रासच्या संग्रहालयात उभे करण्यासाठी हा साहेब आला आहे, अशी त्यांची समजूत झाली होती. थर्स्टन यांनी ही हकीकत गंमत म्हणून सांगितली आहे. वाचकाने मात्र तिच्याकडे थोडे थांबून पाहावे. सरकारी माणूस येतो, डोके मोजतो, आकडे लिहून घेतो आणि निघून जातो. त्या आकड्यांचे पुढे काय होते ते कोणी सांगत नाही. अशा स्थितीत त्या स्त्रियांनी काढलेला निष्कर्ष फारसा अतर्क्य म्हणता येणार नाही. शिवाय याच संग्रहालयात पोलीस अधिकाऱ्यांनाही मोजमापशास्त्राचे धडे दिले जात असत. अंगुलिमुद्रांची पद्धत रूढ होण्यापूर्वी गुन्हेगार ओळखण्यासाठी शरीराची मापे वापरीत. संपूर्ण जमातीच गुन्हेगार ठरविणारा कायदा देशात १८७१ सालापासून होता आणि १९११ च्या कायद्याने तो मद्रास इलाख्यासही लागू झाला. शास्त्र कोणाच्या कामी येते, हा प्रश्न तेथे केवळ तात्त्विक नव्हता.

त्याच इमारतीत एका पिढीनंतर निराळा माणूस आला. अयिनपल्ली अय्यप्पन यांचा जन्म १९०५ सालचा. (आपल्या इरावती कर्वे यांचे जन्मवर्षही तेच.) ते मलबारमधील इरव समाजातील. तेथील रूढीनुसार या समाजासही वरिष्ठ जातींपासून ठरावीक अंतरावर राहावे लागे. संग्रहालयाच्या मानवशास्त्र विभागात नोकरीस लागल्यावर त्यांनी लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्स येथून डॉक्टरेट मिळविली, आणि १९४० ते १९६० अशी वीस वर्षे ते संग्रहालयाचे अधीक्षक होते. विद्यापीठातील अध्यासन त्यांच्याकडे पुढे आले आणि केरळ विद्यापीठाचे कुलगुरुपदही त्यांनी भूषविले. परंतु त्यांचे मोलाचे काम संग्रहालयाच्या चाकरीतच झाले.

त्यांच्या सुरुवातीच्या पुस्तकांपैकी एक मलबारच्या नायाडी जमातीविषयी आहे. संग्रहालयाच्या पत्रिकामालेत ते १९३७ साली निघाले. नायाडी ही अस्पृश्यांच्याही उतरंडीत तळाशी मानलेली जमात. तिला वरिष्ठांच्या वाटेवरून चालण्याचीही मुभा नव्हती. रस्त्यापासून दूर उभे राहून, फडके पसरून, मोठमोठ्याने ओरडून भीक मागावी लागे. अय्यप्पन यांनीही या लोकांची शारीरिक मापे घेतली, कारण तत्कालीन शास्त्राचा तो नियमच होता. तथापि त्यांच्या अभ्यासात आणखी एक माप महत्त्वाचे ठरले. कोणत्या जातीपासून नायाड्याने किती दूर राहावयाचे, याचे ते माप होय. नाकाच्या मापातून नायाड्यांच्या दैन्याविषयी काहीच कळत नाही, आणि या दुसऱ्या मापात त्यांचे सगळे जीवन सामावलेले दिसते. स्वतः अशा अंतरांच्या जाळ्यात वाढलेल्या अभ्यासकाला ते कळण्यासाठी वेगळी दृष्टी कमवावी लागली नसेल.

स्वातंत्र्य मिळाल्यावर अय्यप्पन यांच्याकडून मद्रास प्रांतातील आदिम जमातींविषयीचा अहवाल तयार झाला. तो १९४८ साली सरकारी छापखान्यातून प्रसिद्ध झाला. अहवालाच्या नावातच विषय सांगितला आहे, तो असा की या जमातींची सामाजिक व आर्थिक स्थिती. थर्स्टन यांच्या काळी सरकार विचारीत होते, ‘हे लोक कोण?’ आता प्रश्न झाला, ‘हे लोक कसे जगतात?’ संग्रहालय तेच, पगार देणारे सरकारी खातेही बहुधा तेच. परंतु प्रश्न बदलला आणि त्याबरोबर मानवशास्त्रज्ञाचे कामही बदलले.

पदवी नसतानाही हे काम उत्तम रीतीने करता येते, याचे उदाहरण शहराच्या दक्षिणेस समुद्रकाठी वडनेमेली येथे आहे. चेन्नईच्या परिसरात राहणारे इरुळा लोक साप व उंदीर पकडण्यात निष्णात. मातीवरील अस्पष्ट खूण, बिळाच्या तोंडाशी पडलेली कात, यांवरून आत कोणता साप आहे हे ते सांगतात आणि पहारीने बीळ उकरून त्यास बाहेर काढतात. अनेक वर्षे हे साप कातड्यांच्या व्यापाऱ्यांकडे जात. १९७२ साली वन्यजीव संरक्षणाचा कायदा झाला, १९७६ साली सापाच्या कातड्यांची निर्यातही बंद झाली, आणि इरुळांच्या हातचे काम गेले. कायदा सापांच्या दृष्टीने योग्यच होता. माणसांचा विचार त्यात कोणी केला नव्हता.

रोम्युलस व्हिटेकर हे सर्पतज्ज्ञ. साप त्यांनी इरुळांबरोबर रानात हिंडून पाहिले होते. या लोकांना कोणता नवा धंदा शिकवावा, असा प्रश्न एखाद्या कल्याण खात्याने विचारला असता. येथे विचारले गेले ते असे की, त्यांना जे येते त्याची गरज आणखी कोणाला आहे? सर्पदंशावरील औषध तयार करण्यासाठी सापाचे विष लागते, आणि साप जिवंत पकडावे लागतात. १९७८ साली इरुळांची सर्प पकडणाऱ्यांची सहकारी संस्था उभी राहिली. नाग, मण्यार, घोणस व फुरसे हे चार साप येथे आणले जातात. तोंडाला फडके बांधलेल्या मातीच्या मडक्यांत त्यांना काही आठवडे ठेवतात, ठरावीक दिवसांच्या अंतराने विष काढतात, पोटाच्या खवल्यांवर खूण करतात आणि पुन्हा रानात सोडून देतात. तोच साप लगेच पुन्हा पकडला गेला तर खुणेवरून ओळखू येतो. मासी सडैयन आणि वडिवेल गोपाल या दोन इरुळा सर्पमित्रांना २०२३ साली पद्मश्री मिळाली. दरवर्षी किती साप पकडावयाचे हे मात्र वनखात्याच्या परवान्यावर ठरते, आणि परवान्यास उशीर झाला की मडकी रिकामी राहतात. हेही या व्यवहाराचे अंग आहे, आणि अभ्यासकाने ते वगळू नये.

तिसरे उदाहरण आरोग्याच्या क्षेत्रातील असून त्याचा धागा एका मराठी घराण्याशी जुळतो. डॉ. सुनीती सॉलोमन या मद्रासमध्ये स्थायिक झालेल्या गायतोंडे कुटुंबातील. चामड्याचा व्यापार करणारे हे कुटुंब. १९८६ साली मद्रास वैद्यकीय महाविद्यालयात त्यांच्या मार्गदर्शनाखाली एस. निर्मला यांनी जमविलेल्या रक्तनमुन्यांतून भारतातील एड्सच्या विषाणूचा पहिला पुरावा मिळाला. १९९३ साली डॉ. सॉलोमन यांनी वाय. आर. गायतोंडे यांच्या नावाने एड्सविषयक संशोधन व शिक्षण केंद्र सुरू केले. पुढे अमेरिका येथील मानसिक आरोग्य संस्थेने पाच देशांत एक मोठा प्रयोग हाती घेतला, तेव्हा भारतातील काम चेन्नईत याच केंद्राने केले. वस्तीतील ज्यांचे म्हणणे इतरेजन मानतात अशी माणसे निवडावयाची, त्यांना रोगप्रतिबंधाची माहिती द्यावयाची, आणि गप्पांच्या ओघात ती मित्रांपर्यंत पोहोचू द्यावयाची, अशी ती योजना होती.

पण अशी माणसे भेटतात कोठे? रुग्णालयात बसून हे समजणे शक्य नव्हते. म्हणून प्रयोगापूर्वी वस्त्यांमध्ये निरीक्षण व मुलाखतींचे काम झाले, आणि त्यातून स्थळ निश्चित झाले ते दारूच्या दुकानाचे. चेन्नईत त्यास ‘वाइन शॉप’ म्हणतात, जरी तेथे येणारा क्वचितच वाइन मागतो. काम संपल्यावर पुरुष मंडळी तेथे जमतात, मित्रांचे कोंडाळे होते, व्यवहार ठरतात, देहविक्रयाच्या ओळखीही आसपास होतात. आरोग्य खात्याच्या दृष्टीने हे दुकान म्हणजे दुर्गुणाचे ठिकाण. अभ्यासकाला तो वस्तीचा चावडीसारखा कट्टा दिसला. प्रयोगाचे निष्कर्ष २०१० साली प्रसिद्ध झाले. असुरक्षित वर्तन प्रयोगातील वस्त्यांत घटले, परंतु तुलनेसाठी घेतलेल्या वस्त्यांतही ते जवळजवळ तितकेच घटले, कारण तेथेही चाचणी, उपचार व माहिती देण्यात आली होती. म्हणजे योजनेचा वेगळा परिणाम सिद्ध झाला नाही. स्थळ अचूक ओळखल्याने उपाय आपोआप लागू पडत नाही, हे यातून दिसते. आणि असा निकाल झाकून न ठेवता छापणे हा संशोधकाच्या कामाचाच भाग आहे.

या मार्गाने जाऊ इच्छिणाऱ्याने काही गोष्टी आधीच समजून घेतलेल्या बऱ्या. ‘मानवशास्त्रज्ञ’ या नावाची जागा क्वचितच निघते. जाहिरातीत संशोधन सहायक, क्षेत्र अन्वेषक, समाजविकास अधिकारी किंवा प्रकल्प समन्वयक असे शब्द असतात. सरकारी संस्थांतील जागा सोडल्या, तर बहुतेक नेमणुका प्रकल्पाच्या मुदतीपुरत्या. प्रकल्प संपला की पुन्हा शोध. तीनशे पानांचा अहवाल तयार करणाऱ्याला त्यातील सार दोन पानांत मांडता आले पाहिजे, कारण निर्णय घेणारा अधिकारी ती दोनच पाने वाचतो. त्या दोन पानांत लोकांची नावे-गावे ओळखू येणार नाहीत, ही जबाबदारीही त्याचीच. आणि भाषा! पुस्तकी तमिळ येणारा तरुण चेन्नईच्या झोपडपट्टीत गेला तर पहिले काही आठवडे तो केवळ श्रोता असतो. हे आठवडे वाया गेले असे मानणारा मुख्याधिकारी भेटला, तर त्याला समजावणे हाही नोकरीचाच भाग.

महाराष्ट्रातील विद्यार्थ्याला यासाठी चेन्नईस जावे लागते असे नाही. भारतीय मानवशास्त्र सर्वेक्षण ही केंद्र सरकारची संस्था १९४५ साली स्थापन झाली. तिचे एक प्रादेशिक केंद्र नागपूर येथे आहे. पुण्यात आदिवासी संशोधन व प्रशिक्षण संस्था १९६२ पासून चालू आहे. कोयना धरणामुळे उठून गेलेल्या लोकांची पाहणी इरावती कर्वे व जाई निंबकर यांनी केली आणि ती १९६९ साली प्रसिद्ध झाली. धरणे, रस्ते व अभयारण्ये यांसाठी गावे आजही हलविली जातात. उठणाऱ्या गावात कोण कोणाच्या शेजारी राहत होते, कोणाची सोयरीक कोठे होती, गुरे चरावयास कोठे जात, देवळाची जत्रा कोण भरवीत असे, याची नोंद नकाशावर गाव पुसले जाण्यापूर्वीच करावी लागते. गडचिरोलीकडे असे काम करावयाचे असेल, तर पदव्युत्तर परीक्षेच्या अभ्यासाबरोबरच गोंडी किंवा माडिया बोलीचा अभ्यास सुरू करावा.