अध्यक्षांची खुर्ची आणि दादासाहेब मावळंकर

लोकसभेच्या अध्यक्षांना इंग्रजीत 'स्पीकर', म्हणजे बोलणारा, असे म्हणतात. प्रत्यक्षात सभागृहात सर्वांत कमी बोलायचे ते यांनीच. या नावामागे जुना इतिहास आहे. इंग्लंडात राजापुढे जाऊन सामान्य प्रतिनिधींचे म्हणणे मांडायचे, हे या माणसाचे मूळ काम. राजाला न रुचणारे सांगायचे म्हणजे जोखीम असे. आता राजाचा धाक उरला नाही, पण सरकारपुढे सभागृहाची बाजू राखण्याचे काम राहिले. स्वतंत्र भारतात ते पहिल्यांदा ज्यांच्या वाट्याला आले ते गणेश वासुदेव मावळंकर, सर्वांचे दादासाहेब. त्यांच्या कारकीर्दीची ओळख करून देणे हा आजच्या व्याख्यानाचा हेतू.

मावळंकरांचे मूळ गाव रत्नागिरी जिल्ह्यातील संगमेश्वर तालुक्यातले मावळंगे. जन्म बडोद्याचा, २७ नोव्हेंबर १८८८ चा. आरंभीचे काही शिक्षण राजापूरकडे झाले आणि १९०२ मध्ये ते अहमदाबादला आले. गुजरात कॉलेजातून पदवी, मुंबईत कायद्याचे शिक्षण आणि १९१३ पासून अहमदाबादेत वकिली, असा त्यांचा क्रम. पुढे ते त्या शहराच्या नगरपालिकेचे अध्यक्ष झाले, सत्याग्रहात तुरुंगात गेले. साबरमतीच्या तुरुंगात भेटलेल्या कैद्यांच्या हकिगती त्यांनी 'मानवतानां झरणां' या पुस्तकात लिहिल्या, त्या गुजरातीत. घर मराठी, गाव गुजराती आणि लेखणी गावाच्या भाषेत! दाराबाहेर पाऊल टाकताच कन्नड बोलणाऱ्या आपल्यासारख्यांना यात नवल वाटू नये. मराठीपण सोडून ते गुजराती झाले असे कोणी म्हटलेले नाही, आणि गुजरातनेही त्यांना कधी परके मानले नाही.

१९३७ मध्ये मुंबई प्रांताच्या विधानसभेचे अध्यक्षपद त्यांच्याकडे आले आणि ते १९४६ पर्यंत राहिले. पण त्यांची खरी कसोटी लागली दिल्लीत.

२४ जानेवारी १९४६ रोजी मध्यवर्ती विधिमंडळाच्या अध्यक्षाची निवडणूक झाली. राज्य इंग्रजांचे. सभागृहात निवडून आलेल्यांच्या जोडीला सरकारने नेमलेले सभासदही बसत आणि त्यांची मते कुठे पडणार हे उघड होते. काँग्रेसचे उमेदवार मावळंकर, समोर सर कावसजी जहांगीर. मावळंकरांना ६६ मते पडली, कावसजींना ६३. दोन माणसे इकडची तिकडे झाली असती तरी निकाल फिरला असता. ते विधिमंडळ १४ ऑगस्ट १९४७ च्या मध्यरात्री संपले. त्याच वर्षी १७ नोव्हेंबरला घटना समिती कायदेमंडळ म्हणून बसू लागली, तेव्हा अध्यक्षस्थानी पुन्हा मावळंकरच होते.

पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीनंतर १५ मे १९५२ रोजी लोकसभेने आपला अध्यक्ष निवडला. या निवडणुकीतली एक गोष्ट आपल्या भागातल्या माणसाने लक्षात ठेवण्यासारखी आहे. मावळंकरांविरुद्ध विरोधकांनी उभे केलेले उमेदवार होते शंकर शांताराम मोरे, शेतकरी कामगार पक्षाचे, आपल्या शेजारच्या सोलापुरातून निवडून आलेले. म्हणजे देशाच्या पहिल्या लोकसभेच्या अध्यक्षपदाची लढत दोन मराठी माणसांत झाली. मावळंकरांना ३९४ मते, मोऱ्यांना ५५. आणि मोऱ्यांनी स्वतःचे मत कोणाला दिले? मावळंकरांना. अध्यक्षपदाच्या उमेदवाराने स्वतःला मत देऊ नये, प्रतिस्पर्ध्याला द्यावे, असा संसदीय संकेत आहे. तो त्यांनी पाळला. आज ग्रामपंचायतीच्या सरपंचपदालाही असे कोणी करील काय?

या अध्यक्षाच्या हातात असते तरी काय? घटनेप्रमाणे तो एरवी मत देत नाही. दोन्ही बाजूंची मते सारखी पडली तरच त्याने निर्णायक मत द्यायचे. एखादे विधेयक अर्थविधेयक आहे की नाही, हा त्याचा निर्णय अंतिम. त्याला दूर करायचे तर चौदा दिवसांची नोटीस आणि सभागृहाच्या त्या वेळच्या एकूण सभासदांचे बहुमत लागते. पण कोणाला बोलू द्यायचे, कोणता प्रश्न घ्यायचा, किती वेळ द्यायचा, ही त्याची खरी सत्ता. कागदावर ती लहान दिसते. बहुमतवाल्यांचे काम शेवटी मतांवर भागते. अल्पमतात असलेल्याला मात्र मिळालेली दहा मिनिटे हेच सर्वस्व असते. आपण ज्या तालुक्यांत राहतो तिथे हे अधिक समजावून सांगायला नको.

मावळंकरांनी हा वेळ नियमांत बांधला. रोजच्या कामाची सुरुवात प्रश्नोत्तराच्या तासाने व्हावी, ही घडी त्यांच्याच काळात बसली. कामकाजाचे वेळापत्रक ठरवणारी सल्लागार समिती त्यांनी आणली. मंत्र्यांनी सभागृहात दिलेली आश्वासने पाळली जातात की नाही हे पाहणारी समिती १९५३ ची; कायद्याच्या आडून खाती जे नियम करतात ते तपासणारी समितीही त्याच वर्षीची. राष्ट्रपतींच्या वतीने वटहुकूम काढून कायदे करण्याची सरकारची सवय त्यांना खटके. १९५० मध्ये आणि पुन्हा १९५४ मध्ये त्यांनी पंतप्रधान नेहरूंना याबद्दल लिहिले. ज्या पक्षाच्या तिकिटावर ते निवडून आले, त्याच पक्षाचे ते सरकार होते, हे ध्यानात घ्यावे. 'लोकसभा' हे हिंदी नावही सभागृहाला १४ मे १९५४ रोजी त्यांनीच जाहीर केले.

एवढे असूनही त्यांच्यावर पक्षपाताचा आरोप आला, आणि त्यात काहीच तथ्य नव्हते असे मी म्हणणार नाही. इंग्रजी अमदानीत तहकुबी सूचना हे सरकारला जाब विचारण्याचे मोठे हत्यार होते. आता सरकार लोकांना जबाबदार आहे, चर्चेचे दुसरे मार्ग खुले आहेत, तेव्हा ते हत्यार क्वचितच उपसावे, असे मावळंकरांचे मत. आणि ते अशा सूचना सहसा स्वीकारत नसत. तर्क बरोबर होता. पण मूठभर विरोधकांनी तीनशे-साडेतीनशे सत्ताधाऱ्यांपुढे करायचे काय, हा प्रश्न त्या तर्काने सुटत नव्हता.

१८ डिसेंबर १९५४ रोजी विघ्नेश्वर मिसिर यांनी अध्यक्षांना दूर करण्याचा ठराव मांडला. भारताच्या लोकसभेतला अशा प्रकारचा हा पहिलाच. असा ठराव चर्चेला असताना अध्यक्षाने खुर्चीवर बसायचे नसते, म्हणून उपाध्यक्ष अनंतशयनम् अय्यंगार यांनी काम चालवले. ठराव नामंजूर झाला, तो होणारच होता. माझ्या मते निकालापेक्षा मोठी गोष्ट अशी की तो चर्चेला आला. आपल्यावरचे दोषारोप सभागृहाच्या वहीत नोंदले जाताहेत आणि आपण त्या वेळी खुर्चीवरून खाली आहोत, हे त्या पदाने सुरुवातीलाच पाहिले.

अध्यक्षाने पक्ष सोडावा का, हा वाद मात्र तेव्हाही मिटला नाही. इंग्लंडात तो पक्ष सोडतो आणि मोठे पक्ष त्याच्याविरुद्ध सहसा उमेदवार देत नाहीत. पॅसिफिक महासागरातल्या किरिबाटी या चिमुकल्या देशाने वेगळाच मार्ग काढला: सभागृहाचा सभासद नसलेल्यालाच अध्यक्ष करायचे. फिजीनेही २०१३ च्या घटनेत तसेच केले. मावळंकर पक्षात राहिले, पक्षाच्या वादांपासून दूर राहिले, आणि १९५२ ची निवडणूक पक्षाच्या तिकिटावरच लढले. पुढे आपल्या शेजारच्या लातूरचे खासदार शिवराज पाटील चाकूरकर १९९१ ते १९९६ या काळात त्याच खुर्चीवर बसले. खातेनिहाय स्थायी समित्या १९९३ मध्ये त्यांच्या काळात आल्या. पण हा पक्षाचा प्रश्न तिथेच राहिला.

आपला या काळाशी संबंध आणखी जवळचा आहे. पहिल्या लोकसभेत कलबुर्गीतून स्वामी रामानंद तीर्थ गेले होते. हैदराबाद राज्याच्या विधानसभेचे अध्यक्ष होते काशिनाथराव वैद्य, तेही मराठीच. राज्य पुनर्रचना आयोगाचा अहवाल ३० सप्टेंबर १९५५ ला सरकारकडे आला. डिसेंबरात लोकसभेत त्यावर चर्चा झाली तेव्हा मावळंकर अध्यक्ष होते. आपल्या गावांचे काय व्हायचे ते या दोन सभागृहांत बोलले गेले.

त्या चर्चेतून पुढे झालेला कायदा मावळंकरांना पाहता आला नाही. २७ फेब्रुवारी १९५६ रोजी अहमदाबादेत हृदयविकाराने त्यांचे निधन झाले. त्यांच्या जागी पत्नी सुशीलाबाई लोकसभेवर निवडून आल्या आणि अध्यक्षपद अय्यंगारांकडे गेले. त्याच वर्षी १ नोव्हेंबरला बीदर जिल्ह्याचे तुकडे झाले: उदगीर, अहमदपूर, निलंगा मुंबई राज्याकडे, जहिराबाद आणि नारायणखेड आंध्राकडे, आणि आपली भालकी, हुमनाबाद, औराद म्हैसूरकडे.